सबब निवड रद्द

पोलीस पाटील भरतीत लेखी परीक्षा ८० गुणांची, तोंडी २० ची. दोन्ही धरून माझं नाव यादीत पहिलं आलं आणि लगेच तक्रार गेली: ही बाई गावात राहतच नाही, तालुक्याला राहते. पोलीस पाटील गावचाच रहिवासी लागतो, तेव्हा तक्रारीचा विषय गैर नव्हता. गैर झालं ते पुढे.

प्रांत कार्यालयाच्या नोटिशीत तारीख होती, वेळ होती, विषय नव्हता. दालनात साहेबांनी विचारलं, "मुलं कुठल्या शाळेत?" म्हटलं, तालुक्याला. "बरं, या तुम्ही." झाली सुनावणी! आदेशात लिहून आलं की उमेदवाराचा खुलासा समाधानकारक नाही, सबब निवड रद्द. समाधानकारक का नाही, कोणता कागद पाहिला, एक अक्षर नाही. प्रतीक्षा यादीतल्या उमेदवाराला नेमणूकही दिली. तोही आमच्या भावकीतलाच.

महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये गेले. वकील म्हणाले, "ताई, तुम्ही कुठं राहता ते नंतर बघू. आदेशात कारण काय, ते आधी विचारू." तिकडून सरकारी प्रतिज्ञापत्र आलं, त्यात मात्र कारणंच कारणं: खोलीचा भाडेकरार, गॅसचा पत्ता. पण आदेश त्यातल्या कारणांवरच टिकला पाहिजे, मागाहून प्रतिज्ञापत्रानं त्याला टेकू देता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं मोहिंदरसिंग गिल प्रकरणात १९७७ सालीच सांगून ठेवलंय. तो खटला निवडणुकीचा, पण नेमणुकीच्या वादात वकील हमखास त्याचा दाखला देतात.

आदेश रद्द झाला. अशा वेळी पेढे वाटायची घाई करू नका. मॅटनं मला पद दिलं नव्हतं. दोघांना ऐकून सकारण आदेश काढा, एवढंच प्रांताधिकाऱ्यांना सांगितलं होतं. म्हणजे पुन्हा तेच दालन. तिथं नीट कारणं लिहूनही माझी निवड रद्द होऊ शकली असती, म्हणून खरी तयारी या फेरीची.

सुनावणीआधी तक्रारीची आणि तिच्या जोडपत्रांची प्रत लेखी मागा, अर्जाच्या स्थळप्रतीवर आवकचा शिक्का घ्या. नाही दिली, तर आपल्या म्हणण्यात पहिल्याच परिच्छेदात तसं लिहा. ओडिशातल्या डॉ. बिनापाणी देई यांच्या जन्मतारखेची सरकारनं चौकशी केली, पण अहवाल त्यांना दाखवलाच नाही. १९६७ साली सर्वोच्च न्यायालयात सरकार हरलं ते यावरच. आपल्याविरुद्ध काय आहे हेच ठाऊक नसेल, तर माणूस उत्तर कशाला देणार?

तोंडी बोला, पण म्हणणं लेखी द्या. मी मतदार यादी, घरपट्टीच्या पावत्या, नमुना ८ चा उतारा आणि रेशनकार्ड अनुक्रमांक घालून जोडलं. भाड्याची खोली लपवली नाही. ती मुलांच्या शाळेसाठी आहे, तिथं सासूबाई मुलांना घेऊन राहतात, असं सरळ लिहिलं. दिलेल्या कागदांची नोंद रोजनाम्यात झाली का, तेही बघून घ्या.

नेमणूक मिळालेल्या उमेदवाराला मॅटच्या अर्जात प्रतिवादी करायला विसरू नका, नाहीतर अर्ज तिथंच अडकतो. त्यालाही म्हणणं मांडायला वेळ मिळाला, तेव्हा मला ते कडू लागलं होतं. आज वाटतं, त्याला न ऐकता काढलं असतं तर माझ्या आणि त्याच्या प्रकरणात फरक काय राहिला असता?

दुसरा आदेश लांबलचक आला. त्याचं म्हणणं, माझं म्हणणं, पाहिलेले कागद, आणि मुलांसाठी खोली घेतली म्हणून गाव सुटलं असं का म्हणता येत नाही, सगळं त्यात होतं. निवड कायम झाली. विरुद्ध गेला असता, तरी कुठल्या ओळीवर भांडायचं ते कळलं असतं.

मॅटकडे जायला आदेशापासून एक वर्षाची मुदत असते. शेजारच्या गावातला एक उमेदवार "साहेब बदलू दे, मग बघू" म्हणत थांबला. साहेब बदलले, तोवर मुदत गेली. आता उशीर माफ व्हावा म्हणून त्याचा वेगळा अर्ज चालू आहे.