चवीपुरते आणि मोजून

प्रस्तावना

लोणच्याशिवाय मराठी माणसाचे पान पूर्ण होत नाही. ताटाच्या डाव्या बाजूला मीठ, लिंबू, चटणी, कोशिंबीर आणि लोणचे वाढण्याची आपली रीत आहे. ‘लोणचे’ या शब्दाचे मूळ ‘लवण’ म्हणजे मीठ या संस्कृत शब्दात आहे. यावरूनच लक्षात येते की, लोणचे हा पदार्थ केवळ चवीसाठी निर्माण झाला नाही; नाशवंत वस्तू टिकवून ठेवण्याची ती एक विद्या होती. कैरी, लिंबू, आवळा, मिरची यांच्या लोणच्यांची ही विद्या घराघरांत पिढ्यान्‌पिढ्या चालत आली आहे. परंतु भाजी बदलली, हवामान बदलले आणि साठवणीचे साधन बदलले, तर तीच विद्या जशीच्या तशी उपयोगी पडते का? प्रस्तुत पाठात बिटाच्या मसालेदार लोणच्याच्या निमित्ताने या प्रश्नाचा विचार केला आहे.

उद्दिष्टे

हा पाठ वाचल्यानंतर आपण पुढील गोष्टी करू शकाल :
• आंबट फळांचे लोणचे आणि बिटाचे लोणचे यांतील फरक सांगता येईल.
• बिटाचे लोणचे घरी सुरक्षितपणे तयार करता येईल.
• कृती लिहिताना विध्यर्थी क्रियापदांचा योग्य वापर करता येईल.
• ‘अंदाजे’ आणि ‘मोजून’ या शब्दांमधील अंतर ओळखता येईल.

मूळ पाठ

१. दिल्लीचा हिवाळा

दिल्ली आणि तिच्या परिसरातील नोएडा, गाझियाबाद, गुरुग्राम, फरिदाबाद या शहरांत हिवाळा येतो तो भाज्यांच्या रंगांतून. आझादपूरच्या घाऊक बाजारातून निघालेली लालभडक गाजरे, पांढरे सलगम, मुळे, फ्लॉवर आणि गर्द जांभळी बिटे गल्लोगल्लीच्या हातगाड्यांवर येऊन पोहोचतात. नोकरीनिमित्त महाराष्ट्रातून येथे येऊन राहिलेल्या कुटुंबाला पहिल्या हिवाळ्यात काही नवे शब्दही शिकावे लागतात. भाजीवाल्याला ‘बीट’ म्हटलेले कळतेच असे नाही. ‘चुकंदर’ म्हटले की तो लगेच तागडी उचलतो. दुकानात व्हिनेगर हवे असेल, तर ‘सिरका’ मागावा लागतो.

या भागात हिवाळी भाज्या आंबवण्याची जुनी परंपरा आहे. पंजाबी घरांत फ्लॉवर, सलगम आणि गाजर यांचे गूळ घातलेले आंबटगोड लोणचे होते. होळीच्या सुमारास काळ्या गाजराची कांजी केली जाते. काळी गाजरे न मिळाल्यास साध्या गाजरांबरोबर बिटाचे तुकडे घालतात. पाण्यात मीठ, वाटलेली मोहरी आणि तिखट मिसळून ही बरणी चारपाच दिवस उन्हात ठेवली जाते. या काळात भाजीवरील उपकारक जिवाणू भाजीतील साखरेचे लॅक्टिक आम्लात रूपांतर करतात आणि पाणी आंबट होते. दिल्लीतील भारतीय कृषी संशोधन संस्थेने ‘पुसा आसिता’ नावाचा काळ्या गाजराचा वाणही विकसित केला आहे. ही संस्था १९०५ साली बिहारमधील पुसा या गावी स्थापन झाली. १९३४ च्या भूकंपात तेथील इमारतीची मोठी हानी झाल्यानंतर १९३६ साली ती दिल्लीत आली आणि येताना गावाचे नावही सोबत घेऊन आली.

कांजीत आम्ल हळूहळू तयार होते. व्हिनेगरमधील लोणच्यात मात्र आम्ल तयार स्वरूपातच घातले जाते. म्हणून ते लवकर होते, उन्हाची वाट पाहावी लागत नाही आणि लहानशा घरातही सहज करता येते. मात्र ते फ्रीजमध्येच ठेवावे लागते.

२. कैरीचे नियम बिटाला लागू नाहीत

आजीच्या हाताला माप लागत नसे. मूठभर मीठ, ओंजळभर मोहरी आणि वर तरंगेल इतके तेल, एवढ्यावर तिचे कैरीचे लोणचे वर्षभर टिके. तो अंदाज खोटा नव्हता. कैरी, लिंबू आणि आवळा ही फळे मुळातच आंबट असतात. त्यांतील आम्ल, भरपूर मीठ आणि वरचे तेल अशी तिहेरी राखण त्या बरणीला असे. थोडे मीठ इकडेतिकडे झाले, तरी आंबटपणा सांभाळून घेई.

बिटाची गोष्ट वेगळी आहे. बीट गोड आहे. त्याच्यात आम्ल अगदी कमी असते. पांढऱ्या बिटापासून साखर काढता येते, हे १७४७ साली जर्मन शास्त्रज्ञ मार्गग्राफ याने दाखवून दिले होते. शिवाय बीट मातीखाली वाढते. मातीत ‘क्लॉस्ट्रिडियम बोट्युलिनम’ नावाच्या जिवाणूची बीजाणुरूपे असू शकतात. ती साध्या उकळण्याने मरत नाहीत. आम्ल कमी, हवा नाही आणि ऊब आहे, अशी जागा मिळाली की ती वाढू लागतात आणि एक घातक विष तयार करतात. हे विष मज्जातंतूंवर परिणाम करते. दृष्टी अंधुक होणे, गिळता न येणे, हातपाय लुळे पडणे आणि शेवटी श्वास अडखळणे ही त्याची लक्षणे होत. अशी लक्षणे दिसताच रुग्णाला विनाविलंब रुग्णालयात न्यावे. हा आजार क्वचित होतो, परंतु झाल्यास प्राणावर बेततो.

आता विचार करा : उकडलेले बीट थोडे मीठ घालून तेलात बुडवले आणि बरणी ओट्यावर ठेवली, तर काय होईल? तेल हवा अडवते, पण आम्ल देत नाही. म्हणजे ज्या तेलाने कैरी राखली, तेच तेल येथे त्या जिवाणूला सोयीची जागा करून देईल.

आम्लता मोजण्यासाठी ‘पीएच’ हे परिमाण वापरतात. शुद्ध पाण्याचा पीएच ७ असतो. आम्लता वाढते तसा हा आकडा उतरतो. ४.६ किंवा त्याहून कमी पीएच असलेल्या पदार्थात हा जिवाणू वाढू शकत नाही. बिटाचा पीएच त्याहून बराच जास्त असतो. तो खाली आणण्याचे काम व्हिनेगर करते. व्हिनेगर हा येथे पहिला पहारेकरी आणि फ्रीजमधील थंडी हा दुसरा.

३. बाटलीवरचा आकडा

व्हिनेगरच्या बाटलीवर आम्लाचे प्रमाण छापलेले असते. आपल्याकडे मिळणाऱ्या बहुतेक व्हिनेगरमध्ये ते सुमारे ४ टक्के असते. परदेशी पाककृती मात्र बहुधा ५ टक्के आम्लाचे व्हिनेगर गृहीत धरतात. अशा कृतीत ‘निम्मे व्हिनेगर, निम्मे पाणी’ असे सांगितले असेल, तर तेथे मिश्रणातील आम्ल अडीच टक्के राहते. तीच कृती आपण ४ टक्क्यांच्या व्हिनेगरने केली, तर ते दोन टक्क्यांवर येते. शब्द तेच राहिले, पण अर्थ पातळ झाला. म्हणून आपल्या कृतीत तीन भाग व्हिनेगरला एकच भाग पाणी घ्यावयाचे आहे.

लोणचे फार आंबट वाटले, तर पाणी वाढवू नये, साखर वाढवावी. साखरेने आंबटपणा जिभेला कमी जाणवतो, पण आम्ल तेवढेच राहते. हे या पाठातील सर्वांत महत्त्वाचे वाक्य आहे. घरी तयार केलेले व्हिनेगर किंवा लिंबाचा रस येथे वापरू नये, कारण त्यांतील आम्लाचे प्रमाण आपल्याला ठाऊक नसते.

४. कृती

साहित्य : मध्यम आकाराची बिटे ५०० ग्रॅम, व्हिनेगर ३०० मिलिलीटर, पाणी १०० मिलिलीटर, साखर ७५ ग्रॅम, मीठ २ लहान चमचे, मोहरी १ लहान चमचा, काळी मिरी ८ दाणे, लवंगा ४, दालचिनीचा दोन बोटे लांबीचा तुकडा, सुकी लाल मिरची १.

(अ) काचेची बरणी व झाकण साबणाने धुऊन घ्यावे. बरणी दहा मिनिटे पाण्यात उकळावी आणि स्वच्छ कपड्यावर पालथी घालून कोरडी करावी.

(आ) बिटे वाहत्या पाण्याखाली चोळून धुवावीत. उकडण्यापूर्वी ती सोलू नयेत. देठाचा दोन बोटे भाग आणि खालचे शेपूट तसेच ठेवावे. नाहीतर रंग पाण्यात उतरतो. सुरी सहज आत जाईपर्यंत बिटे उकडावीत.

(इ) बिटे निवल्यावर साल हाताने सोलावी. देठ व शेपूट काढून टाकावे आणि बिटाच्या पातळ चकत्या कराव्यात.

(ई) स्टीलच्या पातेल्यात व्हिनेगर, पाणी, साखर, मीठ आणि सर्व मसाले एकत्र करून उकळी आणावी. मंद आचेवर झाकण ठेवून पाच मिनिटे ठेवावे. ॲल्युमिनियमचे, तांब्याचे किंवा कल्हई नसलेले पितळेचे भांडे वापरू नये. आम्लाची धातूवर क्रिया होते.

(उ) चकत्या बरणीत भराव्यात. बरणी तडकू नये म्हणून ती आधी कोमट पाण्याने शेकून घ्यावी. गरम मिश्रण मसाल्यासह ओतावे. प्रत्येक चकती मिश्रणाखाली बुडालेली असावी.

(ऊ) बरणी निवताच, फार तर दोन तासांच्या आत, झाकण लावून फ्रीजमध्ये ठेवावी. फ्रीजचे तापमान ४ अंश सेल्सिअस किंवा त्याहून कमी असावे. तीन दिवसांनी लोणचे मुरते. आठवड्याने अधिक चांगले लागते.

झाकणावर तयार केल्याची तारीख लिहावी आणि लोणचे एका महिन्याच्या आत संपवावे. काढताना कोरडा, स्वच्छ चमचा वापरावा. बुरशी, फेस, चिकटपणा किंवा फुगलेले झाकण दिसल्यास लोणचे चाखून पाहू नये. तसेच टाकून द्यावे. दिल्लीच्या उन्हाळ्यात पारा ४५ अंशांच्या आसपास जातो आणि वीजही जाते. वीज गेल्यावर दार बंद ठेवल्यास फ्रीज साधारण चार तास थंड राहतो. त्यामुळे दार वारंवार उघडू नये.

बिटाचा रंग ‘बेटालेन’ नावाच्या द्रव्यांचा असतो. आम्लात तो चांगला टिकतो. म्हणून लोणच्यातील बीट उकडलेल्या बिटापेक्षाही तेजस्वी दिसते. बीट खाल्ल्यावर काही व्यक्तींची लघवी लालसर होते. त्याने घाबरून जाऊ नये. मधुमेह व रक्तदाब असणाऱ्यांनी मात्र साखर व मीठ लक्षात घेऊन थोडेच खावे.

५. शब्दाचे मोल

स्वयंपाकघराच्या भाषेत ‘चवीपुरते’, ‘अंदाजे’, ‘मावेल इतके’ असे सुंदर शब्द आहेत. करणाऱ्यावर विश्वास टाकणारी ती भाषा आहे. दालचिनी किती, मिरची किती, हे आजही चवीपुरतेच ठरवावे. परंतु व्हिनेगर आणि पाणी यांचे प्रमाण मोजूनच घ्यावे. एकाच कृतीत काही गोष्टी आपल्या मर्जीवर असतात आणि काही नसतात. हा भेद ज्याला कळला, त्याला कृती खऱ्या अर्थाने वाचता आली.

आजीचा अंदाज हासुद्धा अनेक वर्षांच्या मोजणीतूनच आलेला होता. फक्त ती मोजणी तिच्या हातात मुरली होती. नव्या पदार्थाचे माप हातात मुरेपर्यंत ते वहीत लिहून ठेवणे, हाच तिचा वारसा पुढे नेण्याचा मार्ग आहे.

पाठगत प्रश्न

१. कैरीच्या लोणच्याला कोणती तिहेरी राखण असते?
२. लोणचे फार आंबट झाल्यास पाणी का वाढवू नये?
३. कांजीतील आम्ल आणि बिटाच्या लोणच्यातील आम्ल यांत काय फरक आहे?

भाषाभ्यास

‘बिटे उकडावीत’, ‘साल सोलावी’, ‘झाकण लावावे’ या वाक्यांतील क्रियापदांमधून कर्तव्य व्यक्त होते. क्रियापदाच्या अशा रूपाला विध्यर्थ म्हणतात. येथे क्रियापद कर्माच्या लिंगवचनानुसार बदलते : मसाला घालावा, मोहरी घालावी, मीठ घालावे, लवंगा घालाव्यात. कृती आज्ञार्थात लिहिली (‘मीठ घाल’), तर ती एका व्यक्तीला उद्देशून होते. विध्यर्थात लिहिली, तर ती सर्वांसाठी होते.

आपण काय शिकलात?

• बिटात आम्ल कमी असल्याने त्याच्या लोणच्यात व्हिनेगरचे प्रमाण मोजून घ्यावे लागते.
• तेल हवा अडवते, पण आम्ल देत नाही.
• हे लोणचे फ्रीजमध्येच ठेवावे व महिन्याभरात संपवावे.
• मसाला चवीपुरता, व्हिनेगर मोजून.

पाठान्त प्रश्न

१. ‘शब्द तेच राहिले, पण अर्थ पातळ झाला’ या विधानाचा अर्थ पाठाच्या आधारे स्पष्ट करा.
२. आपल्या घरातील वडीलधाऱ्या व्यक्तीला एखाद्या पदार्थाची कृती विचारा. त्यांनी ‘अंदाजे’ सांगितलेली मापे प्रत्यक्ष मोजून ती कृती विध्यर्थात लिहा.
३. आपण राहता त्या भागात भाज्या टिकवण्याची कोणती पद्धत आहे? तिच्यात राखणीचे काम कोण करते : मीठ, आम्ल, ऊन की थंडी? आठ ते दहा ओळींत लिहा.