वारुळातील देवी आणि घरातील लेक

देवीची मूर्ती म्हटली की सिंहारूढ, शस्त्रधारी दुर्गा आपल्या डोळ्यांपुढे उभी राहते. परंतु गोव्यातील ग्रामदेवता सातेरी हिच्या कित्येक देवळांत मातीचे वारूळच देवी म्हणून पूजिले जाते. या वारुळाला गोव्यात 'रोयण' म्हणतात.

वारूळ मुंग्यांचे, असा सर्वसाधारण समज आहे. वस्तुतः ते वाळवी रचते. भूमीच्या उदरातील माती ती कणाकणाने वर आणते, आणि त्या वसाहतीची जननी असलेली राणी आत वास करते. शेतावर जगणाऱ्या आपल्या पूर्वजांना या वर उगवणाऱ्या मातीत साक्षात भूमाता दिसली असल्यास नवल नाही. सातेरी ही भूमीच होय.

पुढे अनेक ठिकाणी सातेरी व शांतादुर्गा एकरूप मानल्या गेल्या. शांतादुर्गेची कथा मोठी बोधप्रद आहे. शिव आणि विष्णू यांच्यात घोर युद्ध जुंपले असता देवी मध्ये उभी राहिली आणि तिने दोघांना शांत केले. असुरांचा संहार करणारी शक्ती येथे कलह मिटविणारी झाली. ज्या दोन देवांस कोणी आवरू शकत नव्हते, त्यांनी तिचा शब्द मानला.

आता देवळातून घराकडे वळू. जी भूमी आपण माता म्हणून पूजितो, तिच्यात लेकीचा वाटा किती? गोव्यात १८६७ च्या पोर्तुगीज नागरी संहितेने वारसाहक्कात मुलगा व मुलगी यांना समान लेखिले, आणि १९६१ च्या मुक्तीनंतरही ते तत्त्व कायम राहिले. अन्यत्र १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याने वडिलांच्या स्वतःच्या मिळकतीत मुलीस हक्क दिला. परंतु वडिलोपार्जित एकत्र मिळकतीत जन्मतः हक्क मिळण्यास तिला बहुतेक राज्यांत २००५ च्या दुरुस्तीची वाट पाहावी लागली. त्या दुरुस्तीच्या वेळी पिता हयात नसला तरी हा हक्क अबाधित राहतो, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली दिला.

कायद्याने आपले काम केले. रूढीने मात्र अद्याप केलेले नाही. वाटणीच्या वेळी बहिणीपुढे कागद ठेवला जातो, आणि 'माहेर तुटू नये' म्हणून ती मुकाट्याने सही करून हक्क सोडते. तिने आपला वाटा मागितलाच, तर तिला लोभी ठरविले जाते. तिचा त्याग आपण गौरवितो, पण तिला विचारतो का? जी स्वेच्छेने देते ती दात्री. जिला नाही म्हणण्याची मुभाच नाही, तिच्या देण्याला दान कसे म्हणावे?

विद्यार्थिमित्रहो, शांतादुर्गेची आठवण येथेच ठेवावयाची आहे. दोन्ही पक्षांनी देवीचे म्हणणे ऐकले, म्हणूनच तेथे शांती नांदली. एका पक्षाला गप्प बसवून ती आली नव्हती. उद्या तुमच्या घरी वाटणीचा प्रसंग येईल, तेव्हा बहिणीला बैठकीत बोलवा आणि सहीआधी तिचे म्हणणे ऐका. सातेरीच्या रोयणीवर फूल वाहणाऱ्या हाताला हे अवघड वाटू नये.