गोलंदाज बाळू पालवणकर

क्रिकेटचा खेळ आज आपल्याकडे गावोगावी आवडीने खेळला जातो. परंतु या खेळात इंग्रजांशी बरोबरीने झुंजणारा आपला एक थोर गोलंदाज मैदान झाडण्याच्या चाकरीतून पुढे आला, हे फार थोड्यांना ठाऊक असते. त्यांचे नाव बाळू पालवणकर.

सन १८७६ मध्ये धारवाड येथे एका चर्मकार कुटुंबात बाळूचा जन्म झाला. त्या काळी या समाजास अस्पृश्य मानून दूर ठेवीत असत. वडील पुण्यास लष्करी खात्यात नोकरीस होते. गोऱ्या अधिकाऱ्यांनी टाकून दिलेल्या साहित्यानिशी बाळू व त्याचा धाकटा भाऊ शिवराम खेळू लागले. पुढे पारशांच्या एका क्लबात खेळपट्टी झाडण्याचे व तिच्यावर रूळ फिरविण्याचे काम बाळूस मिळाले. पगार दरमहा तीन रुपये. फुरसतीच्या वेळी तो सभासदांना चेंडू टाकी. सन १८९२ च्या सुमारास तो युरोपियनांच्या पूना जिमखान्यात चार रुपयांवर गेला.

तेथे ग्रेग नावाचा निष्णात फलंदाज तासन्‌तास त्याच्या गोलंदाजीवर सराव करी. आपणास बाद केल्यास तो दर खेपेस आठ आणे देई, असे सांगतात. म्हणजे आठ वेळा ग्रेगला बाद केले, की महिन्याच्या पगाराएवढी बक्षिसी! या सरावाने डावखुऱ्या बाळूच्या मंद, फिरत्या चेंडूंना विलक्षण धार चढली. मात्र फळी हाती घेण्याची संधी त्यास कधी मिळाली नाही. फलंदाजी साहेबांसाठी राखलेली होती.

पुण्याच्या हिंदू खेळाडूंना युरोपियनांवर मात करावयाची होती. पालवणकरांना संघात घ्यावे की नाही, यावर वाद माजला. अखेर त्यांना घेण्यात आले. मैदानावर त्यांनी टाकलेला चेंडू सारेच झेलीत. पण चहाच्या वेळी इतरांच्या हाती चिनी मातीचे पेले येत आणि पालवणकरांना तंबूबाहेर साध्या मातीच्या भांड्यातून चहा मिळे. जेवणाचे पानही वेगळे मांडले जाई. चेंडूचा विटाळ होत नव्हता, पेल्याचा मात्र होत होता! साताऱ्याच्या सामन्यात त्यांनी गोऱ्यांचा संघ हतबल केला. तेव्हा न्यायमूर्ती रानडे यांनी खेळाडूंना बजावले, की ज्याच्याबरोबर आपण खेळतो, त्याच्याबरोबर जेवावयासही बसले पाहिजे.

पुढे पालवणकर मुंबईस गेले व रेल्वेत नोकरी करून खेळू लागले. तेथील हिंदू जिमखान्यात त्यांना इतरांच्या पंक्तीस बसता येऊ लागले. सन १९०६ मध्ये हिंदू संघाने युरोपियनांचा १०९ धावांनी पराभव केला. त्या विजयात पालवणकरांचा मोठा वाटा होता. सन १९११ मध्ये पतियाळाच्या महाराजांच्या नेतृत्वाखाली अखिल भारतीय संघ इंग्लंडला गेला. त्या दौऱ्यात संघाला बहुतेक सामने गमवावे लागले. पण पालवणकरांनी एकंदर ११४ बळी मिळविले.

इतका पराक्रम करूनही हिंदू संघाचे कर्णधारपद त्यांना लाभले नाही. हा अन्याय त्यांच्या भावंडांनी मुकाट्याने सोसला नाही. सन १९२० मध्ये शिवराम व विठ्ठल यांनी निषेध म्हणून संघातून माघार घेतली. अखेर सन १९२३ मध्ये विठ्ठल पालवणकर कर्णधार झाले आणि त्यांच्या नेतृत्वाखाली हिंदू संघ विजयी ठरला. थोरल्या भावास जे नाकारले गेले, ते धाकट्याने मिळविले.

बाळू पालवणकर सन १९५५ मध्ये मुंबई येथे निवर्तले. खेळपट्टी जितकी सपाट, तितका खेळ निर्मळ, हे त्यांनी लहानपणीच रूळ फिरविताना जाणले असेल. समाजाची भूमी सपाट करण्याचे काम मात्र कितीतरी अधिक कष्टाचे होते.

स्वाध्याय
१. ग्रेगच्या सरावामुळे बाळूचा कोणता लाभ झाला?
२. ‘चेंडूचा विटाळ होत नव्हता, पेल्याचा मात्र होत होता’ या वाक्यातील विसंगती स्पष्ट करा.
३. शिवराम व विठ्ठल यांनी संघातून माघार का घेतली? त्यांचे करणे योग्य होते काय, ते सांगा.