कायम व्हायचंय ना? मग आधी कागद धर

अगं, तू विचारलंस, "ताई, बारा वर्षं शाळेत खिचडी शिजवतेय, वर्ग झाडतेय, घंटासुद्धा मीच देते. कोर्टात गेले तर कायम करतील ना?" आणि कुणीतरी 'सगळ्या बायांची एकत्र केस घालू' म्हणत पैसे गोळा करतोय, हेही हळूच सांगितलंस. ते पैसे द्यायच्या आधी माझं ऐकून घे. थोडं कडू लागेल, पण तुझ्या कामाचं आहे.

नुसती वर्षं मोजून सरकारी नोकरी कायम होत नाही. कर्नाटकातल्या उमादेवी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींनी 10 एप्रिल 2006 ला हे ठरवून टाकलं. रीतसर भरती झाली नसेल, तर केवळ बरीच वर्षं राबलो म्हणून नोकरीवर हक्क सांगता येत नाही. थोडी वाट मोकळी ठेवली ती मंजूर आणि रिकाम्या पदावर, कोर्टाच्या आदेशाचा आधार न घेता, दहा वर्षं काम केलेल्यांसाठी. तीही एकदाच. म्हणजे तुला पहिला प्रश्न येणार तो हा, की बाई, मंजूर पद कुठंय?

इथंच तर घोडं अडतं. पोषण आहाराची स्वयंपाकीण हे सरकारी पद कधी झालंच नाही. तुला मिळतं ते मानधन, पगार नव्हे. पटावर 25 पर्यंत मुलं असली तर एक बाई, 100 पर्यंत दोन. केंद्राने 2009 च्या डिसेंबरपासून महिन्याला हजार रुपये ठरवले, तेही वर्षातले दहाच महिने. राज्याने 2023 च्या अर्थसंकल्पात 1,500 चे 2,500 करायचं जाहीर केलं. पोलादपूरच्या एखाद्या वाडीतल्या शाळेचा पट घसरला, की आधी गदा तुझ्यासारखीवरच येते.

हायस्कुलात शिपाई म्हणून राबणाऱ्या तुझ्या भावाचंही वेगळं नाही. 11 डिसेंबर 2020 च्या शासन निर्णयाने अनुदानित शाळांतली शिपायांची पदं रिकामी होतील तशी संपवायची ठरलं. त्याऐवजी शाळेला शिपाई भत्ता, आपल्यासारख्या ग्रामीण भागात महिना 5,000 रुपये. ज्या खुर्चीवर हक्क सांगायचा, ती खुर्चीच उचलून नेली.

मग काहीच होत नाही का? होतं गं. केंद्रीय जल आयोगाच्या कार्यालयात झाडलोट नि बागकाम करणाऱ्यांना 'अर्धवेळ' म्हणत वर्षानुवर्षं राबवलं आणि एक दिवस काढून टाकलं. 20 डिसेंबर 2024 ला सर्वोच्च न्यायालयाचे न्या. विक्रम नाथ आणि न्या. प्रसन्न वराळे यांनी त्यांना कामावर घेऊन कायम करायला सांगितलं. काम रोजचं, गरजेचं आणि न संपणारं असेल, तर उमादेवीच्या निकालाआड सरकारने लपू नये, असं त्यांचं म्हणणं. आपल्या एस.टी.च्या गाड्या धुणाऱ्या कामगारांच्या खटल्यातही 2009 साली कोर्ट म्हणालं, की माणसांना मुद्दाम वर्षानुवर्षं तात्पुरतं ठेवलं असेल, तर औद्योगिक न्यायालय दाद देऊ शकतं. पण त्यातही पद हवंच.

म्हणून माझं सांगणं एवढंच, की दोन भांडणं एकत्र बांधू नकोस. कायम होण्याचं भांडण लांबचं. केलेल्या कामाचे पैसे मागण्याचं भांडण जवळचं. 2016 साली सर्वोच्च न्यायालयाने पंजाबच्या प्रकरणात सांगितलं, की तात्पुरता माणूस कायम माणसाइतकंच काम करत असेल, तर त्याला वेतनही तसंच हवं. 2020 मध्ये अलाहाबाद उच्च न्यायालयाने तुझ्यासारख्याच एका स्वयंपाकिणीच्या प्रकरणात महिना हजार रुपयांत राबवणं ही वेठबिगारी म्हटली. तो निकाल आपल्या कोर्टावर बंधनकारक नाही, पण वकील तो दाखवू शकतो. अंगणवाडीच्या बायांना 2022 मध्ये ग्रॅच्युइटीचा हक्क मिळाला. सरकारी नोकर म्हणून कायम न होताही मिळाला, हे ध्यानात धर.

आता घरचं बोलते. आपल्या महाडच्या औद्योगिक वसाहतीत कंत्राटावर जाणाऱ्या पोराकडेही गेटपास असतो, पी.एफ.चा नंबर असतो. तुझ्याकडे काय आहे? मुख्याध्यापकांची तोंडी शाबासकी! ती कोर्टात चालत नाही. शाळा व्यवस्थापन समितीच्या ज्या ठरावात तुझं नाव आहे, त्याची प्रत घे. बँकेचं पासबुक भरून आण, म्हणजे मानधनाच्या नोंदी दिसतील. घंटा, संडास-सफाई, कुलूप-किल्ली ही वरची कामं कुणी सांगितली, ते लिहून द्या, असं मुख्याध्यापकांना म्हण. 'लिहून कशाला, आपण घरचेच' असं म्हणाले, तर तारीख-वार टाकून तूच वहीत लिहीत जा. शाळेने कागद नाही दिले, तर दहा रुपयांच्या शुल्कासह माहिती अधिकारात अर्ज टाक. तीस दिवसांत उत्तर द्यावं लागतं. आणि सगळ्याचे फोटो काढून मुलीच्या मोबाईलवरही पाठव. 2021 च्या जुलैतल्या पुराने महाडात किती घरांतल्या कागदांचा लगदा केला, ते तुला मी सांगायला नको.

कोऱ्या कागदावर सही करू नकोस. रागाच्या भरात काम सोडू नकोस, 'ती स्वतःहून गेली' म्हणायला ते मोकळे होतील. आणि कुणी काढलंच, तर घरी बसून वाट बघू नकोस. तुझ्या भावासारख्या अनुदानित खासगी शाळेतल्या कर्मचाऱ्याला शाळा न्यायाधिकरणात अपील करायला तीसच दिवस असतात. 2025 च्या नोव्हेंबरपासून नव्या श्रमसंहिता आल्यात, तेव्हा कुठला अर्ज कुठं करायचा, हे वकिलालाच विचार.

वकिलाला पैसे कुठून, म्हणशील. बाईमाणसाला उत्पन्न न बघता फुकट वकील मिळतो, 1987 च्या कायद्यातच तसं आहे. महाडच्या कोर्टात तालुका विधी सेवा समितीकडे जा, नाहीतर 15100 ला फोन लाव. एकटी जाऊ नकोस, आजूबाजूच्या शाळांतल्या चौघी-पाचजणी मिळून जा. अंगणवाडीच्या बायांनी जे मिळवलं, ते संघटना बांधून आणि मोर्चे काढून मिळवलं.

आणि तो पैसे गोळा करणारा पुन्हा आला, तर त्याला विचार, कुठल्या पदासाठी, कुठल्या कोर्टात, कुठल्या कायद्याखाली आणि वकिलाचं नाव काय? पावती दे म्हण. उत्तरं नीट आली, तर कागद घेऊन माझ्याकडे ये, दोघी वाचू. नाही आली, तर त्याला चहा पाज आणि वाटेला लाव. पैसे मात्र देऊ नकोस.