नवा डाव मांडताना



या वेळचा पाठ खेळावर आहे. खेळ म्हणजे लंगडी किंवा लगोरी नव्हे, तर हातात मावणारा व्हिडिओ गेम. त्यातली ‘न्यू गेम’ ही ओळ तुम्ही सर्वांनी पाहिली आहे. ती निवडली की नक्की काय होते, काय पुसले जाते आणि काय पुसले जात नाही, हे आज आपण समजून घेऊ. त्यानिमित्ताने काही मराठी शब्दही शिकू.

उदाहरणासाठी आपण एकच खेळ घेऊ: गेम बॉयवरचा ‘पोकेमॉन रेड’. हा खेळ जपानमध्ये १९९६ साली आणि अमेरिकेत १९९८ साली आला. तो निवडण्याचे कारण असे की त्याच्या एका कार्ट्रिजमध्ये एकच डाव साठतो, दुसऱ्याला जागाच नाही. नवा डाव मांडायचा तर जुना मोडावा लागतो. कार्ट्रिज एक आणि भावंडे दोन असली, की या गोष्टीवरून घरात काय होते ते आम्हा पालकांना चांगले ठाऊक आहे!

१. डाव कुठे साठतो?

गेम बॉय हे यंत्र निन्टेन्डो कंपनीने १९८९ साली काढले. आपला डाव या यंत्रात साठत नाही. तो साठतो मागे खोचायच्या कार्ट्रिजमध्ये. (भारतात लहानपणी आम्ही तिला ‘कॅसेट’ म्हणत असू.) या कार्ट्रिजच्या आत दोन प्रकारची स्मृती असते.

पहिली स्मृती छापील पुस्तकासारखी असते. तिच्यात खेळाचा प्रोग्राम, नकाशे आणि चित्रे असतात. ती वाचता येते, पण तिच्यावर काही लिहिता येत नाही. दुसरी स्मृती पाटीसारखी असते. तिच्यावर लिहिता येते, पुसता येते, पुन्हा लिहिता येते. मात्र वीज तुटली की ही पाटी कोरी होते. म्हणून कार्ट्रिजच्या आत नाण्याच्या आकाराची एक छोटी बॅटरी बसवलेली असते. आपण गेम बॉयमध्ये घालतो ते सेल वेगळे. ते काढले तरी आतली बॅटरी पाटीवरचे लिखाण राखत बसते.

पोकेमॉन रेडची ही पाटी ३२,७६८ बाइटची आहे. देवनागरीतले एक चिन्ह साठवायला आजच्या प्रचलित पद्धतीत ३ बाइट लागतात. म्हणजे या पाटीवर सुमारे १०,९०० चिन्हे मावतील, आपल्या अंकाची जेमतेम चार-पाच पाने. तेवढ्या जागेत तुमचे नाव, पैसे, पदके, पिशवीतल्या वस्तू आणि पकडलेल्या प्रत्येक पोकेमॉनची ताकद असे सारे लिहिलेले असते.

लिहून झाल्यावर खेळ आणखी एक शहाणपणाची गोष्ट करतो. साठवलेल्या आकड्यांची एका ठरावीक रीतीने बेरीज करून तीही शेजारी लिहून ठेवतो. पुढच्या वेळी डाव उघडताना तो पुन्हा बेरीज करतो. दोन्ही बेरजा जुळल्या तर ठीक. नाही जुळल्या, तर नोंद बिघडली आहे असे सांगतो. गणितात उत्तर बरोबर आले का हे पडताळण्याला मराठीत ‘ताळा करणे’ म्हणतात. गेम बॉयही ताळा करतो, बरं का!

बॅटरीची सोय सगळ्याच खेळांत नव्हती. १९८७ साली अमेरिकेत आलेल्या ‘मेट्रॉइड’ या घरच्या टीव्हीवरच्या खेळात डाव थांबवताना २४ अक्षरांचा सांकेतिक शब्द मिळे. तो वहीत उतरवून घ्यायचा आणि दुसऱ्या दिवशी जसाच्या तसा भरायचा. एक अक्षर चुकले की पंचाईत!

२. ‘न्यू गेम’ निवडल्यावर काय होते?

आता नीट लक्ष द्या. पुष्कळ मुलांना वाटते की ‘न्यू गेम’ निवडल्याक्षणी जुना डाव पुसला जातो. तसे होत नाही.

प्रोफेसर ओक येतात, तुमचे नाव विचारतात, तुमच्या प्रतिस्पर्ध्याचे नाव विचारतात. त्याच वेळी खेळ तुम्हाला न सांगता एक क्रमांक देतो. हा क्रमांक ० ते ६५,५३५ यांपैकी कोणताही असू शकतो. मग तुम्ही पॅलेट टाउनमधल्या आपल्या घराच्या वरच्या खोलीत उभे असता. इथपर्यंत जुना डाव पाटीवर सुखरूप आहे. या वेळी यंत्र बंद करून पुन्हा सुरू केले तर ‘कन्टिन्यू’ ही ओळ दिसते आणि जुना डाव जसाच्या तसा मिळतो.

जुना डाव पुसला जातो तो नवा डाव साठवताना. त्या वेळी खेळ पाटीवरचा क्रमांक आणि नव्या डावाचा क्रमांक ताडून पाहतो. ते वेगळे निघाले तर तो थांबतो आणि विचारतो की साठवल्यास जुनी नोंद पुसली जाईल, चालेल ना? ‘हो’ म्हटले की संपले. ते परत आणायचा मार्ग खेळात नाही.

म्हणून पहिला धडा असा: नवा डाव सुरू करणे आणि जुना डाव पुसणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. दोन्हींच्या मध्ये एक प्रश्न विचारला जातो. तो प्रश्न न वाचता बटण दाबू नये.

३. काय जाते, काय उरते?

पदके जातात. पैसे जातात. तुम्ही वाढवलेले पोकेमॉन जातात. पुन्हा प्रोफेसरांच्या प्रयोगशाळेत बल्बासॉर, चारमॅन्डर आणि स्क्वर्टल या तिघांपैकी एकाला निवडायचे आणि पहिल्यापासून सुरुवात करायची.

पण दुसरा डाव पहिल्यासारखा होत नाही. का ते पाहा.

पहिल्या डावात पुष्कळ मुले चारमॅन्डर निवडतात, कारण आग कोणाला आवडत नाही? मग प्यूटर सिटीत ब्रॉकशी गाठ पडते. त्याचे पोकेमॉन दगडाचे, आगीला दाद न देणारे. तिथे कित्येक जण अडकतात. दुसऱ्या डावात मात्र दगडापुढे पाणी आणि वनस्पती प्रभावी ठरतात हे तुम्हाला माहीत असते. मग तुम्ही एकतर दुसरा गडी निवडता, नाहीतर चारमॅन्डरच घेऊन पुरेशी तयारी करून जाता.

तसेच सॅफ्रन सिटीच्या वेशीवरच्या पहारेकऱ्यांचे. ते तहानलेले असतात आणि कोणाला आत सोडत नाहीत. सेलाडन सिटीतल्या मोठ्या दुकानाच्या गच्चीवर यंत्रातून पेय विकत घ्यायचे आणि पहारेकऱ्याला द्यायचे, की वाट मोकळी. पहिल्या वेळी हे समजायला दिवसच्या दिवस जातात. दुसऱ्या वेळी तुम्ही सरळ गच्ची गाठता. हे ज्ञान त्या ३२,७६८ बाइटमध्ये कुठेही लिहिलेले नव्हते. ते तुमच्या डोक्यात होते.

शिवाय नव्या डावात पूर्वी सोडून दिलेली वाट घेता येते. गुहेत दोन जीवाश्म सापडतात, त्यांतला एकच मिळतो. ईव्ही एकच मिळते आणि तिला तीनांपैकी एकच रूप देता येते. एका डावात सगळे मिळत नाही, अशीच या खेळाची रचना आहे. उरलेले मिळवायचे तर कोणाशी तरी अदलाबदल करावी लागते, नाहीतर डाव नव्याने मांडावा लागतो.

४. पुसण्यापूर्वी

जुन्या डावातला एखादा लाडका पोकेमॉन वाचवायचा असेल तर एक उपाय आहे. दोन गेम बॉय तारेने जोडून तो मित्राच्या कार्ट्रिजमध्ये पाठवायचा. खेळात नुसते देणे नाही, देवाणघेवाणच आहे. म्हणून मित्राने बदल्यात एखादा साधा पोकेमॉन द्यायचा. मग नवा डाव मांडायचा, प्रोफेसरांकडून पोकेडेक्स मिळेपर्यंत पुढे जायचे आणि आपला गडी परत आणायचा.

इथे एक गंमत आहे. परत आलेल्या पोकेमॉनवर जुन्या मालकाचे नाव आणि जुना क्रमांक असतो. तुम्ही तेच, तुमचे नावही तेच ठेवले असेल, पण क्रमांक बदललेला असतो. त्यामुळे तो तुम्हाला परका समजतो. पुरेशी पदके नसतील तर तो ऐकत नाही, भलतेच काही करतो किंवा झोपून जातो. दुसरे पदक मिळाल्यावर ३० व्या पातळीपर्यंतचे ऐकू लागतात, चौथे मिळाल्यावर ५० व्या आणि सहावे मिळाल्यावर ७० व्या. आठवे मिळाल्यावर सगळेच ऐकतात. जुनी ताकद घेऊन आलात तरी नव्या डावात मान पुन्हा मिळवावा लागतो.

आता भावंडांची गोष्ट. ताईचा डाव कपाटात दोन वर्षे पडून आहे आणि धाकट्याला खेळायचे आहे. कोणाचे बरोबर? आम्ही पालकांनी मिळून तीन नियम ठरवले. ते तुम्हीही वापरून पाहा.

पहिला: ज्याचा डाव, त्याला विचारल्याशिवाय पुसायचा नाही. ‘ती आता खेळतच नाही’ हे कारण चालणार नाही.

दुसरा: ज्याचा डाव, त्याने कायम अडवून धरायचे नाही. एक मुदत ठरवायची, दोन आठवडे म्हणा. तेवढ्यात हवे ते पोकेमॉन मित्राकडे पाठवायचे.

तिसरा: पुसण्यापूर्वी दोघांनी एकत्र बसून जुना डाव शेवटचा पाहायचा. मोठ्याने धाकट्याला वाटा दाखवायच्या आणि हवे ते वहीत उतरवून ठेवायचे.

नव्या यंत्रांवर हा प्रश्न काहीसा सुटला आहे. उदाहरणार्थ, ‘पोकेमॉन स्वोर्ड’ हा २०१९ चा खेळ स्विचवर प्रत्येक वापरणाऱ्याचा डाव वेगळा ठेवतो. तरीही एकाचा एकच! जुन्या कार्ट्रिजमधल्या बॅटऱ्या मात्र आता संपत चालल्या आहेत. २००० साली अमेरिकेत आलेल्या ‘गोल्ड’ आणि ‘सिल्व्हर’मध्ये घड्याळही त्याच बॅटरीवर चालते, म्हणून त्यांच्या लवकर संपतात. बॅटरी संपली की पाटी कोणालाही न विचारता कोरी होते. म्हणून जपण्यासारखे जे असेल ते आजच पाहून घ्या, लिहून घ्या, दुसऱ्याला शिकवा.

५. पालकांसाठी

मूल पुसलेल्या डावासाठी रडले तर ‘खेळच तर होता’ असे म्हणण्याचा मोह आम्हा सर्वांना होतो. पण आपण स्वतः या देशात आलो तेव्हाचे आठवून पाहावे. भारतात दहा वर्षे गाडी चालवलेल्या आपल्यापैकी बहुतेकांना इथे लेखी परीक्षेपासून सुरुवात करावी लागली. तिथल्या बँकेत चोख व्यवहार असूनही इथे आपली पत कोरी होती, साधे क्रेडिट कार्ड मिळेना. तिथली नोंद इथे कोणी पाहिली नाही. तेव्हा आपल्यालाही वाईट वाटलेच होते. मात्र गाडी चालवणे आणि पैसा सांभाळणे आपण विसरलो नव्हतो, म्हणून दुसऱ्या वेळी लवकर जमले. मुलाला आधी वाईट वाटू द्यावे, मग हे सांगावे. या क्रमानेच सांगावे.

६. शब्दांची ओळख

इंग्रजीत ‘सेव्ह’ हा एकच शब्द पुष्कळ ठिकाणी चालतो. मराठीत प्रत्येक कामाला वेगळा शब्द आहे.

वाचवणे: जीव वाचवणे, पैसे वाचवणे, वेळ वाचवणे.
साठवणे: धान्य साठवणे, पाणी साठवणे, डाव साठवणे.
जपणे: आजीचे पत्र जपून ठेवणे.
राखणे: शेत राखणे, जागा राखून ठेवणे.

‘अगेन’साठीही असेच.

पुन्हा: आणखी एकदा. ‘गाणे पुन्हा म्हण.’
परत: आणखी एकदा, किंवा माघारी. ‘पुस्तक परत दे.’
नव्याने: नवी सुरुवात म्हणून. ‘डाव नव्याने मांडला.’
पहिल्यापासून: आरंभापासून. ‘गोष्ट पहिल्यापासून सांग.’

काही वाक्प्रचार:

डाव मांडणे: खेळ सुरू करणे.
डाव मोडणे: खेळ मध्येच संपवणे.
श्रीगणेशा करणे: आरंभ करणे.
पुनश्च हरिॐ करणे: खंड पडल्यावर पुन्हा आरंभ करणे. तुरुंगातून सुटून आल्यावर ‘केसरी’चे काम पुन्हा हाती घेताना लोकमान्य टिळकांनी १८९९ साली याच शीर्षकाचा अग्रलेख लिहिला होता.

७. स्वाध्याय

(अ) रिकाम्या जागा भरा. (वाचवणे, साठवणे, जपणे यांची योग्य रूपे वापरा.)
१. आजोबांनी जुने फोटो ______ ठेवले आहेत.
२. अग्निशामक दलाने मांजरीला ______.
३. उंट आपल्या मदारीत चरबी ______.

(आ) एका वाक्यात उत्तरे लिहा.
१. कार्ट्रिजमधली बॅटरी कशासाठी असते?
२. जुना डाव नक्की केव्हा पुसला जातो?
३. परत आणलेला पोकेमॉन सुरुवातीला का ऐकत नाही?

(इ) पाच-सहा ओळी लिहा.
तुम्ही कोणती गोष्ट पुन्हा पहिल्यापासून सुरू केली? शाळा, पोहणे, पेटी, मराठी, काहीही चालेल. दुसऱ्या वेळी कोणती गोष्ट आधीच येत होती?

(ई) घरी करा.
आईला किंवा बाबांना विचारा: या देशात आल्यावर त्यांना कोणती गोष्ट पहिल्यापासून करावी लागली? त्यांचे उत्तर मराठीत लिहून आणा.

पुढच्या रविवारी वही विसरू नका. (ई)ची उत्तरे आपण वर्गात मोठ्याने वाचणार आहोत.