खेळ सुरू का होत नाही?

मुलांनो, संगणकावर खेळ खेळायला तुमच्यापैकी बहुतेकांना आवडते. अभ्यासातून खेळायला वेळ मिळतो थोडा. त्यातही खेळ सुरूच झाला नाही तर? चित्रावर दोनदा क्लिक करावे, क्षणभर चक्र फिरावे आणि मग काहीच होऊ नये! पडद्यावर खेळ येत नाही आणि काय चुकले ते सांगणारा संदेशही येत नाही. अशा वेळी राग येतो आणि रागाच्या भरात आपण नको ते बटण दाबतो. या बिघाडाचे एक मोठे कारण आपण या पाठात समजून घेऊ या. हा दोष पुष्कळदा खेळात नसतोच. खेळाच्या दारावर दोन पहारेकरी बसलेले असतात आणि त्या दोघांचे एकमेकांशी जुळत नसते.

पूर्वी असे पहारेकरी नव्हते. २००६ साली निघालेला 'क्रिकेट ०७' हा खेळ तुमच्या मोठ्या भावंडांना आठवत असेल. सीडी संगणकात घालायची की खेळ सुरू! सीडी जवळ असणे हाच मालकीचा पुरावा. इंटरनेट नको, खाते नको, पासवर्ड नको. पण सीडीची नक्कल करणे सोपे होते आणि खेळातली चूक सुधारली, तर ती सुधारणा घरोघरी पोचवणे अवघड होते. व्हॉल्व्ह या अमेरिकन कंपनीने त्यावर २००३ साली एक उपाय काढला. त्याचे नाव 'स्टीम'. पुढच्याच वर्षी तिचा 'हाफ लाइफ २' हा खेळ आला. त्याची सीडी दुकानातून विकत घेतली, तरी स्टीमवर खाते उघडल्याशिवाय तो चालत नसे. लोक तेव्हा खूप चिडले होते. आज मात्र ती रीत सगळीकडे रुळली आहे. खेळ विकणे, तो उतरवून देणे, त्यात सुधारणा करणे आणि मालकी तपासून तो सुरू करणे, ही सारी कामे करणाऱ्या प्रोग्रॅमला 'लाँचर' म्हणतात.

व्हॉल्व्हचे पाहून इतर कंपन्यांनीही आपापले लाँचर काढले. ईए कंपनीने २०११ साली 'ओरिजिन' आणला आणि पुढे त्याच्या जागी 'ईए ॲप' आणले. यूबीसॉफ्टचा लाँचर आज 'यूबीसॉफ्ट कनेक्ट' या नावाने ओळखला जातो. रॉकस्टार कंपनीने २०१९ साली आपला लाँचर काढला. पण गिऱ्हाईक तर स्टीमच्या बाजारात जमलेले! म्हणून या कंपन्या आपले खेळ स्टीमवरही विकतात. मात्र स्वतःचा पहारेकरी काढून घेत नाहीत. एखाद्या दुकानदाराने मोठ्या बाजारात गाळा घ्यावा, तिथे माल विकावा आणि गिऱ्हाइकाला सांगावे, "पावतीवर शिक्का मात्र माझ्या घरी येऊन मारून घ्या," तसाच हा प्रकार आहे. माझ्या मते तो गिऱ्हाइकाच्या सोयीचा मुळीच नाही. पण आहे तो असा आहे, म्हणून त्याची वाट माहीत हवी.

समजा, तुमच्या भावाने ईए कंपनीचा फुटबॉलचा खेळ स्टीमवरून विकत घेतला. त्याने स्टीममध्ये 'प्ले' हे हिरवे बटण दाबले. आता काय घडते ते पाहा. स्टीम आधी आपल्या वहीत पाहते, की या खात्यावर हा खेळ आहे का. असेल तर ती ईए ॲपला निरोप धाडते. ईए ॲप स्वतःचे खाते पाहते, ते त्या स्टीम खात्याशी जोडलेले आहे का ते तपासते, परवाना आहे अशी खात्री करून घेते आणि मगच खेळ उघडते. (उर्दूत 'परवाना' म्हटले की शमेवर झेपावणारा पतंगही तुम्हांला आठवेल. मराठीत मात्र परवाना म्हणजे सरकारने किंवा मालकाने दिलेली लेखी परवानगी.) म्हणजे एका क्लिकमागे चार पायऱ्या आहेत. खेळ अडला की पहिला प्रश्न हा विचारायचा: कोणत्या पायरीवर अडला?

त्याचे उत्तर पुष्कळदा डोळ्यांसमोरच असते. 'प्ले' बटण दाबताच ते निळे होऊन त्यावर 'स्टॉप' असे येते. ईए ॲपची खिडकी उघडलीच नाही आणि बटण पुन्हा हिरवे झाले, तर निरोप पोचला नाही. खिडकी उघडली आणि तिने पासवर्ड मागितला, तर निरोप पोचला. खात्याची पायरी अडली. दोन्ही झाले आणि खेळाचे पहिले चित्र येऊन सगळे बंद पडले, तर दोष बहुधा खेळात किंवा त्यावर चढलेल्या दुसऱ्या एखाद्या प्रोग्रॅममध्ये आहे. एवढे नीट पाहिले, तरी निम्मे काम झाले.

निरोप का पोचत नाही? स्टीम जो निरोप धाडते, तो एका पत्त्यासारखा असतो. त्याच्या सुरुवातीला 'लिंकटूईए' असा शब्द असतो. विंडोजच्या नोंदवहीत लिहिलेले असते, की या शब्दाने सुरू होणारे पत्ते अमुक प्रोग्रॅमकडे द्यावेत. ती नोंद पुसली गेली किंवा ईए ॲप अर्धवट बसले, तर विंडोजची अवस्था नव्या पोस्टमनसारखी होते. पत्र हातात आहे, पण घर सापडत नाही. मग पडद्यावर अशा अर्थाचा संदेश येतो, की ही लिंक उघडायला नवे ॲप लागेल. हा संदेश पाहून काही मुले खेळच काढून टाकतात आणि पन्नास-साठ जीबीचा खेळ पुन्हा उतरवत बसतात. घराच्या इंटरनेटचा सगळा डेटा संपतो आणि तोच संदेश पुन्हा येतो! खेळ तर धडधाकट होता. बिघडली होती ती नोंद. ईए ॲप कंपनीच्या स्वतःच्या संकेतस्थळावरून पुन्हा बसवले, एकदा उघडून त्यात लॉगिन केले, की ती नोंद बहुधा परत येते. जुन्या संगणकावर ओरिजिन राहिलेला असेल, तर तो काढून टाकावा. एप्रिल २०२५ मध्ये कंपनीने तो बंद केला आहे.

'व्हेरिफाय' या सोयीबद्दलही हाच गैरसमज आहे. स्टीममध्ये खेळाच्या नावावर उजवे क्लिक करून 'प्रॉपर्टीज' उघडले, की 'इन्स्टॉल्ड फाइल्स'मध्ये ही सोय मिळते. ती खेळाच्या फाइली तपासते आणि बिघडलेल्या फाइली पुन्हा आणते. सोय उत्तम आहे. पण दुसऱ्या लाँचरच्या दुखण्यावर तिचा काही उपयोग नाही. पोट दुखत असताना डोळ्यांत थेंब घालण्यासारखे ते होईल.

कधी कधी लाँचर बंद दिसतो, पण आत जागा असतो. कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप ही तीन बटणे एकदम दाबली, की टास्क मॅनेजर उघडतो. चालू असलेल्या सगळ्या प्रोग्रॅमची यादी तिथे दिसते. लाँचरचे नाव तिथे लटकलेले दिसले, तर ते निवडून 'एंड टास्क' करावे. मग आधी दुसरा लाँचर उघडावा, त्यात लॉगिन करावे आणि त्यानंतर स्टीममधून खेळ सुरू करावा. खूप जणांचे काम एवढ्यानेच होते. याने भागले नाही, तर लाँचरची कॅशे, म्हणजे त्याने तात्पुरत्या साठवलेल्या फाइली, साफ कराव्यात. ईए ॲपमध्ये 'हेल्प'च्या यादीत 'ॲप रिकव्हरी' म्हणून त्याची सोय आहे.

आणखी एक कारण फारसे कोणाच्या लक्षात येत नाही. कोणीतरी सल्ला देतो, "राइट क्लिक करून ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालव." विंडोज व्हिस्टापासून, म्हणजे २००७ पासून, साध्या अधिकाराच्या प्रोग्रॅमने वरच्या अधिकाराच्या प्रोग्रॅमला पाठवलेले बरेचसे निरोप विंडोज अडवते. हे आपल्या सुरक्षिततेसाठीच आहे. पण एक लाँचर वरच्या अधिकाराने आणि दुसरा साध्या अधिकाराने चालत असेल, तर दोघांचा संवाद तुटू शकतो. दोघांनाही साध्याच अधिकाराने चालवावे, हे बरे.

ओव्हरले ही देखील एक कटकट आहे. खेळ चालू असताना शिफ्ट आणि टॅब दाबले, की खेळावरच स्टीमचा पडदा येतो. त्यासाठी स्टीम खेळाच्या चित्र काढण्याच्या कामात शिरते. दुसरा लाँचरही शिरतो, गप्पांचे ॲपही शिरते. एका फळ्यावर तिघांनी एकदम लिहायला सुरुवात केली तर काय होईल? खेळ पहिल्या चित्रावरच पडत असेल, तर सगळे ओव्हरले बंद करून पाहावे. मात्र एका वेळी एकच गोष्ट बदलावी आणि काय बदलले ते वहीत लिहावे. पाच गोष्टी एकदम बदलल्या, तर खेळ चालू होईलही. पण कशामुळे झाला ते कळणार नाही.

बरे, आपल्या संगणकात काहीच बिघाड नसला तर? तसेही होते. ११ नोव्हेंबर २०२१ रोजी रॉकस्टारने आपल्या तीन जुन्या खेळांचा नवा संच बाजारात आणला आणि त्याच दिवशी त्यांचा लाँचर बंद पडला. एक दिवसाहून अधिक काळ तो बंद होता. त्या लाँचरवर चालणारे इतर खेळही अडले. त्या दिवशी कोणी विंडोज पुन्हा बसवले असते, तरी काही फरक पडला नसता! म्हणून कोणताही उपाय करण्यापूर्वी कंपनीचे सर्व्हर चालू आहेत का, ते पाहावे. याच कंपनीचा २००८ सालचा एक खेळ मायक्रोसॉफ्टच्या 'गेम्स फॉर विंडोज लाइव्ह' या सेवेवर अवलंबून होता. मायक्रोसॉफ्टने त्या सेवेकडे पाठ फिरवली. त्यामुळे नव्या गिऱ्हाइकांना देण्यासाठी किल्ल्या मिळेनात आणि २०२० च्या सुरुवातीला स्टीमवर त्या खेळाची विक्री थांबली. मार्च २०२० मध्ये तो परत आला तो त्या सेवेला वगळून. पण इंटरनेटवर एकमेकांशी खेळण्याचा भाग गमावून. (हे खेळ मोठ्या माणसांसाठी आहेत. तुम्ही ते खेळावेत म्हणून त्यांची नावे काढलेली नाहीत.)

आता जपायच्या गोष्टी. खेळ पुन्हा मिळतो; तीन महिने खेळून जिथवर पोचलात ती प्रगती पुन्हा मिळेलच असे नाही. यूबीसॉफ्टच्या अनेक खेळांची प्रगती लाँचरच्याच फोल्डरमध्ये 'सेव्हगेम्स' नावाने ठेवलेली असते. लाँचर काढताना तीही जाऊ शकते. म्हणून आधी ते फोल्डर पेनड्राइव्हवर उतरवा आणि मगच लाँचरला हात लावा. नंतर कधी "संगणकावरची प्रगती ठेवू की क्लाउडवरची?" असा प्रश्न आला, तर घाईने बटण दाबू नका. दोन्हींची तारीख आणि वेळ तिथे दिलेली असते, ती वाचा.

दुसरी गोष्ट याहून मोठी आहे. "लाँचरशिवाय खेळ चालवा", "हरवलेली फाइल इथून फुकट घ्या" असे सांगणारी संकेतस्थळे पुष्कळ आहेत. वर ती म्हणतात, "आधी अँटिव्हायरस बंद करा." चोराने "आधी कुत्रा बांधून ठेवा" म्हणावे, तसे हे! अशा फाइलींमधून ब्राउझरमधले पासवर्ड चोरणारे प्रोग्रॅम येतात. त्याच संगणकावर तुमचे अब्बा बँकेचे काम करत असतील किंवा बहीण परीक्षेचा अर्ज भरत असेल. एका खेळासाठी सगळ्या घराच्या चाव्या अनोळखी माणसाच्या हाती जातात.

सगळे करूनही खेळ चालला नाही, तर कंपनीकडे तक्रार करावी. या शब्दाकडे जरा लक्ष द्या. उर्दूत 'तकरार' म्हणजे एकच गोष्ट पुन्हा पुन्हा म्हणणे किंवा वाद घालणे. मराठीत 'तक्रार' म्हणजे गाऱ्हाणे. उर्दूत ज्याला तुम्ही शिकायत म्हणता ते. कंपनीला जे पत्र जाते, त्यात बहुतेक जण उर्दूतली तकरार करतात: "खेळ चालत नाही, चालत नाही, लवकर करा." त्यावरून कोणालाच काही कळत नाही. विंडोजच्या 'इव्हेंट व्ह्यूअर'मध्ये 'ॲप्लिकेशन' या भागात पडलेल्या प्रोग्रॅमची नोंद असते. तिचा क्रमांक बहुधा १००० असतो आणि कोणत्या फाइलमुळे प्रोग्रॅम पडला, तेही तिथे दिलेले असते. ती नोंद उतरवून घ्या. पत्र शेवटी इंग्रजीत पाठवावे लागेल. पण मुद्दे आधी मराठीत असे मांडून पाहा:

"हा खेळ मी स्टीमवरून घेतला आहे. माझ्या संगणकावर विंडोज ११ आहे. 'प्ले' दाबल्यावर ईए ॲप उघडते आणि सुमारे दहा सेकंदांत बंद होते. खेळाची खिडकी येत नाही. सोमवारपर्यंत खेळ चालत होता. मंगळवारी ईए ॲपची नवी आवृत्ती आली, तेव्हापासून ही अडचण आहे. मी कॅशे साफ केली, नंतर ओव्हरले बंद केले, नंतर ईए ॲप पुन्हा बसवले. फरक पडला नाही. इव्हेंट व्ह्यूअरमधील नोंद सोबत जोडली आहे."

स्वाध्याय

१. स्टीमवरून घेतलेला खेळ ईए ॲपशिवाय का उघडत नाही, ते तुमच्या शब्दांत सांगा.
२. 'व्हेरिफाय' केल्याने कोणता बिघाड दुरुस्त होतो आणि कोणता होत नाही?
३. उर्दूत आणि मराठीत अर्थ वेगळा असलेले आणखी तीन शब्द शोधा आणि त्यांचा मराठी वाक्यांत उपयोग करा.
४. तुमच्या घरातील किंवा शाळेतील एखादी बिघडलेली वस्तू निवडा. ती नेमकी कोठे अडते ते पाहा आणि दुरुस्त करणाऱ्याला आठ ओळींचे पत्र लिहा.