कोलोरॅडोतलं कोलंबाइन : पाणी उन्हाळ्यात जपून, हिवाळ्यात आठवणीनं

डेन्व्हर, ऑरोरा, बोल्डर, फोर्ट कॉलिन्स या पट्ट्यात बरीच वर्षं राहिलेल्या मराठी घरांचा अनुभव इथे एकत्र केला आहे. घराला अंगण मिळालं की नव्यानं आलेली मंडळी पहिल्यांदा विचारतात, ‘इथं जगेल काय?’ आम्ही सांगतो, कोलंबाइन लावा. निळ्या पाकळ्या, आत पांढरा पेला आणि मागे लांब शेपट्या असलेलं हे फूल १८९९ पासून कोलोरॅडोचं राज्यफूल आहे. शून्याखाली २५-३० सेल्सियसची थंडीही त्याची मुळं जमिनीखाली सोसतात. थंडीनं हे झाड सहसा मरत नाही, मरतं ते कोरड्यानं. पुढचं सगळं याच एका गोष्टीभोवती आहे.

डोंगरात फिरायला गेल्यावर दिसलेलं रोप उपटून आणण्याचा मोह आवरा. सार्वजनिक जमिनीवरचं कोलंबाइन मुळासकट काढायला १९२५ च्या कायद्यानं बंदी आहे. शिवाय याला सोटमूळ असतं, ते तुटलं की झाड तग धरत नाही. रोप नर्सरीतूनच घ्या. निळं-पांढरं डोंगरी कोलंबाइन थंड उंचीवरचं असल्यानं शहरातल्या उन्हाळ्यात थोडं कुरकुरतं. पिवळ्या फुलांचं ‘डेन्व्हर गोल्ड’ ऊन आणि कोरडेपणा जास्त सोसतं. अंगणात सावली कमी असेल तर आम्ही तेच घ्यायला सांगतो.

जागा घराच्या पूर्वेकडची बघा. सकाळचं ऊन आणि दुपारनंतर सावली, एवढं त्याला पुरतं. समुद्रसपाटीपासून १,६०० मीटरवरचं इथलं दुपारचं ऊन फार कडक असतं. माती बहुतेक ठिकाणी चिकण असते, म्हणून खड्ड्यापुरतं न खणता आजूबाजूची जागाही भुसभुशीत करून कंपोस्ट मिसळा. रोपाचा गड्डा, म्हणजे जिथून पानं फुटतात तो भाग, मातीत गाडू नका. कुजण्याची सुरुवात तिथूनच होते.

आता पाणी. तुळशीला रोज सकाळी तांब्याभर घालायची आपली सवय इथे उपयोगाची नाही. रोज थोडं थोडं पाणी दिलं की मुळं वरवरच राहतात आणि जुलैच्या उन्हात तापतात. लावल्यापासून पहिले काही आठवडे माती ओलसर ठेवा. झाड रुजलं की दोन पाण्यांमधलं अंतर वाढवा, पण देताना पाणी खोलवर मुरू द्या. दिवस मोजण्यापेक्षा बोट मातीत घाला. दोन पेरांपर्यंत कोरडं लागलं तर पाणी द्या. मूठभर माती दाबल्यावर गोळा व्हावा आणि बोटानं टोकताच फुटावा, असा वाफसा या झाडाला मानवतो. शेतीच्या घरातून आलेल्यांना हे वेगळं सांगायला नको. झारी बुंध्याशी धरा. पानं रोज भिजवू नका.

डेन्व्हरमध्ये उन्हाळ्यात सकाळी १० ते संध्याकाळी ६ या वेळात हिरवळीवर स्प्रिंकलर चालवू देत नाहीत. झाडांनाही सकाळचंच पाणी बरं. २०१६ पासून घराच्या पन्हाळीखाली पावसाचं पाणी साठवायची पिंपं ठेवता येतात, जास्तीत जास्त दोन, मिळून ११० गॅलनपर्यंत. कोलंबाइनची दोन-चार झाडं असतील तर एक पिंपही पुष्कळ आहे.

जुलैत फुलं संपल्यावर पानं पिवळी, जांभळट, फाटकी दिसू लागतात. झाड गेलं असं समजून त्यावर पाणी ओतू नका, उपटूही नका. जुनी पानं खाली कापली की थोड्या दिवसांत बुडातून नवी फुटतात. पानांवर पांढऱ्या नागमोडी रेघा दिसल्या तर ते पान पोखरणाऱ्या अळीचं काम असतं. तेवढी पानं काढून टाका, औषध मारायची गरज नाही.

हिवाळ्याबद्दल मात्र सविस्तर सांगायला हवं, कारण नवी मंडळी इथंच फसतात. बर्फ पडतो म्हणजे जमीन ओली असणार, असा समज असतो. डेन्व्हरला वर्षभराचा पाऊस आणि वितळलेला बर्फ मिळून जेमतेम ३५०-४०० मिलिमीटर भरतो, पुण्याच्या पावसाच्या साधारण निम्मा. जानेवारीत डोंगरावरून गरम कोरडा वारा सुटतो, दोन दिवसांत बर्फ नाहीसा होतो आणि माती भेगाळते. पानं नसली तरी मुळं जिवंत असतात. ती कोरडी पडली की झाड वसंतात उठत नाही. म्हणून ऑक्टोबर ते मार्च, बरेच दिवस बर्फ-पाऊस नसेल तर महिन्यातून एक-दोनदा पाणी द्या. त्या दिवशी तापमान ४० फॅरनहाइटच्या, म्हणजे साधारण साडेचार सेल्सियसच्या वर हवं, माती गोठलेली नको आणि वेळ दुपारची निवडा, म्हणजे रात्री गोठण्याआधी पाणी मुरेल. स्प्रिंकलरच्या नळ्या तोवर रिकाम्या करून बंद केलेल्या असतात, त्यामुळे झारी किंवा होज वापरावा लागतो. होज वापरलात तर काम झाल्यावर बाहेरच्या नळापासून न विसरता काढून ठेवा, नाहीतर भिंतीतला पाइप गोठून फुटू शकतो. यंदा लावलेल्या आणि दक्षिणेच्या भिंतीलगतच्या रोपांना आधी पाणी द्या. जमीन गोठली की दोन-तीन इंच पाचोळ्याचं आच्छादन घाला, गड्डा मोकळा ठेवून. नाहीतर गोठण्या-वितळण्यात नवी रोपं मातीतून वर उचलली जातात.

एक झाड साधारण तीन-चार वर्षं टिकतं, पण बी स्वतःच सांडून पुढची पिढी तयार करतं. म्हणून सगळ्या शेंगा कापू नका. घरात बी पेरायचं तर ओलसर वाळूत मिसळून तीन-चार आठवडे फ्रीजमध्ये ठेवा, मग मातीवर पसरून हलकंच दाबा. वर माती टाकू नका, उगवायला उजेड लागतो. शरद ऋतूत बी अंगणातच टाकलं तर थंडीच फ्रीजचं काम करते. फुलं बहुधा दुसऱ्या वर्षी येतात. बी आणि मुळं विषारी आहेत. लहान मुलं असतील तर बी डबीत बंद करून वर ठेवा.

नव्या शेजाऱ्याला बी देताना एवढं सांगा की आसपास दुसऱ्या जाती असतील तर संकर होतो, आणि निळ्या फुलाच्या बियांतून गुलाबी किंवा पिवळसर फूलही येऊ शकतं. निळंच हवं असेल त्याला नर्सरीचा रस्ता दाखवा.